स्थान अनिश्चित

प्रयाग चिखलीच्या वरच्या अंगाला, नव्या विहिरीत,
सत्तावीस फुटांवर, वाळू-गोट्यांच्या थरात
यल्लाप्पाच्या पहारीला ते लागलं.
एक हाड. अर्धं. माझ्या करंगळीहून जरा लांब.
विडीच्या बंडलाच्या कागदात गुंडाळून आणलं त्यानं
आणि विचारलं, "बाई, माणसाचं तर न्हवं?"

न्हवं.
आत पोकळ, भिंत पातळ : पक्ष्याचं.
पायाचं, खालचं टोक,
जिथं तीन बोटांसाठी तीन कप्प्या असतात.
दोन आहेत.
तिसरी पहारीनं नेली, नाहीतर नदीनं, आधीच कधीतरी.

गुजरीत पोतदारांच्या काट्यावर तोललं.
सव्वा अकरा ग्रॅम.
"घडण बारीक आहे," ते म्हणाले, आणि हसले नाहीत.

तुलनेला हाडं हवीत.
विभागाच्या कपाटात एक मोर, एक घार, दोन्ही कसर लागलेले.
मग आठवडाभर माझ्या गॅसवर
कोंबडी, बदक, टर्की उकळत राहिली
आणि जिन्यातून शेजारीण विचारत राहिली,
तांबडा की पांढरा?

दिलावर मुल्लाणींनी चाळीस वर्षं कोंबड्या सोलल्या.
अंगठ्याखाली हाड फिरवलं, डोळे मिटून.
"ह्यो चालणारा. उडत असंल, पर नाइलाजानं."
हे संदर्भसूचीत कुठं लिहितात?

माळढोक म्हणावं, तर खाच फार खोल.
करकोचा म्हणावं, तर मधली कप्पी आखूड.
पुण्याचे सर फोनवर म्हणाले,
एका हाडावर नाव ठेवू नका,
लोक तुम्हाला नावं ठेवतील.

तक्ता भरायला घेतला.
वर्ग : पक्षी.
गण : प्रश्नचिन्ह. कुळ : प्रश्नचिन्ह.
जात :

यल्लाप्पा खांद्यावरून बघत होता.
"आमच्या पोराच्या दाखल्याला
एकसष्ट सालाच्या आदीचा कागद मागत्यात.
ह्येचा तर केवढा जुना पुरावा.
तरी बसंना व्हय?"

बसेना.
मी लिहिलं, स्थान अनिश्चित.
शोधकाच्या रकान्यात त्याचं नाव, पूर्ण, आडनावासकट;
ते मला विचारावं लागलं,
दोन महिन्यांत विचारलं नव्हतं.

कापूस, काचेची डबी, क्रमांक.

परवा चिखलीला गेले होते.
विहिरीला पाणी लागलंय, भरपूर.
उरलेला पक्षी, असलाच तर, त्याच्या खाली आहे.
रात्री साडेदहाला वीज येते,
मोटर चालू होते,
ऊस पितो.