रेटा

सोमवारी उद्यमनगर बंद.
लाईट सकाळी आठलाच गेलेली,
आणि दस्तगीरचाचांनी सॉकेटात टेस्टर घातला
तर आतला दिवा लागला.
लाल नाही. जुन्या गुळाच्या रंगाचा.

"ही बोर्डाची लाईट न्हवं, मंगले," म्हणाले,
"ह्यो रेटा."

मी तेव्हा नवीन. जळक्या मोटरीतली तार
छिन्नीनं तोडायची, किलोवर घालायची,
एवढंच माझं काम.
आम्ही बाया इथं आलो-गेलो असंच बोलतो,
चाचांना मी पोरगाच वाटलो असणार.
विचारलं, रेटा म्हणजे?
त्यांनी कानावरची विडी काढली, पेटवली नाही.
"तारंतनं करंट जातोय, तसा दिवसातनं ह्यो जातोय.
सोमवारचा मंगळवार आपोआप हुतोय व्हय?
रेटाय लागतंय."

काच फुटलेला एक मल्टिमीटर होता त्यांचा.
आकडे खरवडून टाकलेले, त्या जागी
उर्दूत चार खुणा. वाचून दाखवल्या:
सुस्त, चालू, ओढ.
शेवटचा नुसता ठिपका. तो वाचला नाही.

सायकलवर तो घेऊन आम्ही गावभर फिरलो.
गंगावेशीत दुधाच्या कट्ट्यावर
सडापासून पेल्यापर्यंत धार पडेस्तोवर
काटा जागचा हलला नाही.
तालमीत एक पोरगा दुसऱ्याच्या पाठीवर,
खालचा लाल मातीत दात रोवून.
खालच्याजवळ धरला तर सुस्त,
वरच्याजवळ धरला तर ओढ.
दोघांत वीतभर अंतर.
सीपीआरच्या वऱ्हांड्यात मात्र
चाचांनी मीटर पिशवीतनं काढलाच नाही.
"हितलं मला ठावं हाय."

मंगळवारी आणि शुक्रवारी
हलिमाभाभी तिथं रक्त धुवून घ्यायला जायच्या.

त्याच वर्षी त्यांनी ती कॉइल बांधाय घेतली.
रात्रीची. सगळं वाइंडिंग उलटं.
वेढे मोजायला मी, चुकलं की शिवी, पुन्हा पहिल्यापासनं.
वार्निश, भट्टी, परत वार्निश.
एका गुरुवारी जोडली.
उद्या शुक्रवार होता.

खरं सांगतो, थांबलं.
नळाखाली एक थेंब
लांबट होऊन राहिला, तुटेना.
रस्त्यावरनं जाणारी कुणाची तरी एम-एटी
एकाच आवाजात अडकली.
आम्हा दोघांचा हात कॉइलवर,
म्हणून तेवढे आम्ही चालू.
चाचा हसले. मी त्यांचे वरचे दात
पहिल्यांदा बघितले.

आतल्या खोलीत, पलंगावर,
भाभी श्वास घेत होत्या.
आत. आत. अजून आत.
सोडायचा राहिलेला.
डोळे उघडे, आमच्याकडं.

चाचांनी तार हातानंच उपटली. पक्कडही शोधली नाही.
थेंब पडला.
भाभी म्हणाल्या, "खिडकी लावा, डास यायलेत."

शुक्रवार झाला. त्यानंतरचे सतरा झाले.
अठरावा त्यांच्याशिवाय.
चाचांच्या तळव्यावर भाजल्याची रेघ होती,
त्यावर ते विडी ठेवायचे, अजून न पेटवलेली,
आणि गिऱ्हाइकाला सांगायचे,
मोटर उद्या न्या.

आता दुकान माझ्याकडं. पाटीवर नाव त्यांचंच.
ती कॉइल फळीवर आहे,
लोक विचारतात, किती एचपीची?
मी तिचा एक वेढा सोडून ठेवलाय, टोक बाहेर.
पुराच्या वर्षी अख्खं गाव
राजाराम बंधाऱ्याचे फूट विचारत होतं
तेव्हा मी काटा बघत बसलो होतो.

अजून सोमवारी टेस्टर घालतो.
लागतो.
कधी कधी मीटरचा काटा
त्या न वाचलेल्या ठिपक्याला टेकतो.
मग मी मीटर भिंतीकडं तोंड करून ठेवतो,
आणि समोरच्याला ओरडून
दोन चहा सांगतो. दोन.
सवय आहे.