काय करून राहिला

सुगत विचारतो, काय करून राहिला बे?
मी म्हणतो, काही नाही, बसून राहिलो.
आमच्या नागपुरात सगळं असंच चालू असतं,
खाऊन राहिलो, जाऊन राहिलो, वाचून राहिलो,
क्रियापद कधी संपतच नाही.
पुण्याची मामेबहीण हसते या बोलण्याला.

आज सांगायचंच, असं ठरवून आलो होतो
मानेवाड्याच्या पोह्याच्या गाडीवर.
तर्री अजून मार म्हणालो.
घाम आला तर तिखटाचा म्हणता येतो,
डोळ्यांत पाणी आलं, तर तेही.
सुगतने बघितलं. म्हणाला, टेन्शन नको घेऊ बे.
नाही घेत, म्हणालो.
पैसे त्याने दिले.

आईला सांगितलं होतं, एप्रिलमध्ये, एकदाच.
छातीत कसंतरीच होते, म्हणालो.
तिने खिडकीबाहेरच्या पांढऱ्या रस्त्याकडे बघितलं,
ऊन लागलं असन, म्हणाली,
आणि माझ्या खिशात कांदा ठेवला.
तो कांदा मी महिनाभर वागवला
अभ्यासिकेत, मेट्रोत, सीताबर्डीच्या जिन्यांवर.
त्याला कोंब फुटला.
टाकवला नाही.
तिने दिलेलं उत्तर होतं ते,
प्रश्न तिला वेगळाच ऐकू आला असला तरी.

रात्री कूलर असतो.
वाळ्याचा वास, पत्र्याची थरथर, पंपाची कुरकुर.
त्या आवाजाआड मी पाठांतर करतो,
तोंडी परीक्षेचं करावं तसं.
बाबा, मला बरं वाटत नाही.
नको. गोळी देतील.
बाबा, मला भीती वाटते.
कशाची, विचारतील.
बाबा, सकाळ झाली की मला वाटतं, कशाला झाली.
हे जमतं. हेच रोज म्हणतो,
आधी हळू, मग थोडं मोठ्याने.

काल दोनच्या सुमाराला
नेमकी त्या वाक्याच्या मधोमध
लाइट गेली.
कूलर घरघरून थांबला.
आणि उरलेलं अर्धं वाक्य
माझ्याच आवाजात
अख्ख्या खोलीला ऐकू आलं.

पलीकडच्या खाटेवर बाबा उठून बसले.
अंधारात चाचपून चष्मा लावला त्यांनी,
दिसणार काय होतं, कोण जाणे.
टाकीत थेंब पडत होते.
मी झोपेचं सोंग घेतलं, ते जमलं नाही.
बऱ्याच वेळाने ते म्हणाले,
"कधीपासून होऊन राहिलं रे हे?"

मी तोंड उघडलं, तर लाइट आली.
कूलर खडखडत पुन्हा सुरू झाला.
बाबा उठले,
भर मे महिन्यात
त्याचं बटण बंद केलं
आणि माझ्या खाटेवर येऊन बसले.