जांभळी जीभ

बाटली कँपातल्या दुकानातून आली. रीतसर.
बिल आहे हं, बिल आहे, असं भरमाण्णा दोनदा म्हणाला,
जसं काय मीच कणकुंबीचा नाका.

तीस वर्षं बेळगाव-पणजी.
चोर्ल्याच्या वळणांवर एका पायावर तिकिटं फाडलेला माणूस.
बाटल्या सापडायच्या सीटखाली, काजूच्या पोत्यात,
एकदा तर रुखवताच्या कळशीत, वर नारळ ठेवून.
नाका आला की अख्खी गाडी झोपेचं सोंग घ्यायची.
ह्यानं कधी थेंब चाखला नाही.
वास तेवढा खाकीला लागून घरी यायचा,
मी दोन पाण्यांत धुवून काढत होतो.

(मी बाईच. आमच्याकडं बायका पण जातो, येतो म्हणतात.
पुण्याची सून हसते. हसू दे.)

तिच्याकडंच गेल्या दिवाळीत ह्यानं अर्धा गिलास घेतला
आणि परतीच्या गाडीत निपाणीपर्यंत एकटाच हसत आला.
आता फोनवर तिला विचारून घेतलं सगळं.
ब्लूबेरी घाला म्हणाली ती.
खडेबाजारात ब्लूबेरी!
जांबोटीची एक बाई कोपऱ्यावर बसते,
पाटीत जांभळं, वर ओला पाला,
माप भरल्यावर आणखी मूठभर घालते आणि
घातलेलं बघितलं का, म्हणून आपल्याकडं बघते.

दोन मापं घेतली.
परातीत मीठ टाकून हातानंच कुस्करली.
बिया तो मोजून बाजूला ठेवत होता, उगाचच,
सवय, हिशोब जुळल्याशिवाय डेपोतून सुटका नव्हती.
लिंबाच्या लोणच्याची बरणी तीन उन्हं खाऊनसुद्धा
तळाशी हिंग धरून बसलेली.
असू दे, म्हटलो. त्यातच गर, त्यावर साखर,
त्यावर ती पाण्यासारखी दिसणारी, पाणी नसलेली.

तीन रात्री उठून बरणी हलवून आला.
तान्ह्या पोराला कधी एवढं उठला नव्हता.

चौथ्या दिवशी शहापुरी लुगड्याच्या तुकड्यातून गाळलं.
रंग बघून तो गप्प झाला.
मला वाटलं आवडलं नाही.
मग म्हणाला, ते कोल्हापूरच्या स्टँडवर
बोर्डाला काळं फासलं होतं ना, मी रॉकेलचा बोळा घेऊन पुसत होतो,
निघताना ते असंच निघालेलं. आधी जांभळं.
अक्षरं नंतर.
एवढंच. मग बर्फ काढायला उठला.

तेवढ्यात मागच्या दारानं शिवलीला,
होळगीचा डबा परत न्यायला.
एन माडाकत्तीरी, म्हणत सरळ आत.
शरबत, म्हणाला तो, कंडक्टरच्या आवाजात.
तिनं गिलास नाकाशी नेला,
एकदा त्याच्याकडं, एकदा माझ्याकडं बघितलं,
आणि स्वच्छ मराठीत म्हणाली,
मग मला पण घाला की जरा शरबत.

सोडा, लिंबू, मिरपूड चिमटीभर.
गोड आधी लागतं, तुरट मागनं,
आणि मग घशात कुणीतरी दिवा लावतं.
हिंगाचा वास कुणी काढला नाही.
शिवलीला बैलहोंगलच्या तिच्या मळ्यातल्या झाडाबद्दल सांगत होती,
नेरळे, नेरळे,
मी जांभूळ, जांभूळ,
झाड एकच असावं असं बोलणं चाललं होतं.
दुसरा गिलास कोण म्हणालं ते आठवत नाही.

साडेआठला सुनेचा फोन, चेहरा दिसतो तसला.
आम्ही तिघं एकाच चौकटीत, खांद्याला खांदा.
अय्या, तोंडाला काय झालंय तुमच्या? जीभ दाखवा बघू.

शिवलीलानं पदर तोंडाला लावला.
मी दिव्याकडं बघत बसलो.
भरमाण्णानं आख्खी जीभ बाहेर काढली,
मुळापर्यंत जांभळी,
आणि खिशात हात घालून म्हणाला,
बिल आहे.