मिठाच्या पाण्याचा डिमर

आरोलकर बाईंनी उभी केलेली घरं
शिरोड्यात अजून आहेत, फक्त एका जागी नाहीत.
राजवाड्याचं दार गावड्यांच्या शेळ्यांना लागलं,
तुरुंगाचे गज बागकरांच्या खिडकीला,
आणि सत्त्याऐंशीच्या स्पर्धेत दुसरा आलेला जिना
माडाला टेकून उभा आहे, अर्ध्यावर संपतो.

शाळेत त्या चित्रकला शिकवायच्या.
आम्ही घर काढलं की विचारायच्या,
'माणूस येतो कुठनं?
आणि भांडला, तर जाईल कुठनं?'
आम्ही खोडरबर शोधायचो.

एका वर्षी डिमरचं भाडं परवडेना.
बाईंनी मिठागरातलं पाणी आणलं,
मातीचं नळकांडं, दोन पत्रे, वायर, सुंभाची दोरी.
'हात लावलास तर मरशील,' म्हणाल्या
आणि दोरी माझ्याच हातात दिली.
पत्रा वितीवितीने पाण्यात उतरला
तशी रंगमंचावर पहाट झाली.
पाण्याला कढ येत होता, मला घाम.

मुंबईहून बोलावणं आलेलं. गेल्या, आठ महिने राहिल्या.
तिथलं कधी काही सांगितलं नाही,
एवढंच, की तिकडे वाकडे खिळे
ठोकून सरळ करत नाहीत, फेकतात.

आता जत्रेत दशावताराला पहिल्या रांगेत बसतात.
समोर एक बाकडं. तेच सिंहासन, तोच डोंगर,
आणि लोक मान्य करून बसलेले.
'चाळीस वर्सां घालवलंय,' पुटपुटतात, 'आणि ह्यां बघ.'
मी त्यांच्याकडे बघत नाही.
बऱ्याच वेळाने, शंकासुर नाचत असताना,
कानाशी येऊन म्हणतात,
'बाकडां मात्र चार बोटां डावीकडे होयां होतां.'