सगळ्या गाड्या तूरला

परभणीच्या स्टँडवर, सहा नंबरच्या फलाटाशी
नूरखाँ उस्ताद मला विचारतात,
"आज सगळ्याच गाड्या तूरला जायल्यात का रे?"

जिंतूर. परतूर. लातूर.
तीन पाट्या, तिन्ही त्यांच्याच हातच्या,
पांढऱ्यावर लाल,
जिंतूरची वेलांटी जरा कलती, टोपीसारखी.
अठ्ठावीस वर्षं डेपोत पाट्या रंगवल्या त्यांनी.
दिवाळीनंतर एका सकाळी डोक्यात रक्त साकळलं
आणि अक्षरांची डावी बाजू
त्यांच्यापुरती गाव सोडून गेली.

माजलगाव, नायगाव : नुसतं गाव.
"गाव लिहिलं, पण कोणतं ते कोण लिहिणार?"
उस्ताद चिडतात,
त्या विसराळू पेंटरला शिव्या घालतात.

नांदेडच्या डॉक्टरांनी घड्याळ काढायला लावलं.
गोल एका दमात आला, उजवा हात अजून पक्का.
मग बाराही आकडे उजव्या अंगाला,
लग्नाच्या जीपमध्ये वऱ्हाड कोंबावं तसे.
उरलेला कागद कोरा.
"झालं," म्हणाले उस्ताद,
आणि ब्रश पुसायला फडकं मागितलं.

घरी राबियाचाची ताट वाढते.
ज्वारीची अर्धी भाकरी संपते,
ठेचा डावीकडे, तो तसाच.
"बस? एवढ्यात भागतं का माणसाचं?"
चाची बोलत नाही. ताट फिरवते.
"हां, आत्ता कसं!"

मी एकदा विचारलं, डावीकडे अंधार दिसतो का?
"तुझ्या पाठीमागं काय दिसतं तुला?
काळं दिसतं?"
मी गप्प.
"काळा रंग मी रॉकेलमध्ये कालवलाय, बेटा.
काळं असतं तर ओळखलं असतं."

रात्री मात्र ओरडून उठतात.
अंथरुणात कुणाचा तरी हात आहे,
जड, गार,
मनगटावर भाजल्याचा डाग.
"ज्याचा असेल त्याला देऊन टाका.
डागावरून ओळखून घे म्हणावं."

स्टँडवर शेंगावाला डाव्या अंगानं हाक मारतो.
उस्ताद उजवीकडे वळतात,
अजून उजवीकडे, कंट्रोल रूम, रसवंती,
मुतारीची भिंत,
अख्खी गिरकी घेऊन त्याच्यापुढं येतात :
"कुठं मेला होतास इतका वेळ?"

माझं आता फ्लेक्सचं दुकान आहे.
माळ्यावर त्यांची जुनी पाटी सापडली,
वर मराठी, खाली उर्दू, नाव एकच.
पुसली, आणि त्यांच्यासमोर धरली.

वरचं वाचलं : "खाँ."
खाली उतरले.
उर्दू उजवीकडून निघते,
तिचं डोकं शाबूत, शेपूट गेलेलं :
"नूर."

परत वर. परत खाली.
"दोघं होते का हे?
भागीदारीत दुकान चालवायचे?"
मग बोटानं हवेतच वळण गिरवत,
"लिहिणारा मात्र उस्ताद होता. कोण रे?"

मला चाचीचं ताट आठवलं.
मी पाटी हळूच
त्यांच्या उजवीकडे सरकवू लागलो.
फलाटावर जिंतूरची गाडी लागली होती,
कंडक्टरनं घंटी दिली
आणि उस्तादांची नजर तिच्यामागं गेली.