पॉज

एकतीस वर्षं पहिल्या विंगेत, स्टुलावर,
मांडीवर वही, रुमालात गुंडाळलेली बॅटरी.
प्रयोग चालू असताना विद्याधर हसबनीसचा
मी फक्त डावा गाल पाहिला.
उजवा प्रेक्षकांचा.

आडनावात 'हस' आयतं मिळालेलं.
आई विदू म्हणायची,
पुढचं 'षक' त्यानं स्वतः जोडून घेतलं.

दिवसा खडकीच्या दारूगोळा कारखान्यात
काडतुसं मोजायचा. पेटीत शंभर, खाली सही.
पाचचा भोंगा झाला की सायकल,
संगम पुलावर समोरून वारा,
आणि हा तोंडातल्या तोंडात दोन्ही पार्ट म्हणतोय,
जावयाचा आणि सासऱ्याचा.
टिळक रोड येईपर्यंत
सासरा जिंकलेला असायचा.

पहिली भूमिका प्रेताची.
स्पर्धेचं नाटक, अकरा मिनिटं पडून राहायचं.
परीक्षकांनी शेरा दिला : प्रेत बोलके.
तो कागद त्यानं फ्रेम करून
मोरीच्या दारावर लावला.

मग बहिरा डॉक्टर, तोतरा वकील,
एकाच नाटकात दोन जुळे भाऊ
आणि त्यांची आत्यासुद्धा हाच.
आत्याचं लुगडं नेसवायला मला सोळा सेकंद,
दातांत पिना धरून.
साताऱ्याला भर प्रवेशात ते सुटलं.
थेटर गार. हा कमरेवर हात ठेवून म्हणाला,
"बाई, तीन नवरे सुटले,
लुगड्याचं काय घेऊन बसलात!"
हे वहीत नव्हतं.
रात्री गाडीत मी पेन्सिलीनं लिहून घेतलं.
त्या वहीत आता शाई कमी, पेन्सिल जास्त.

सिनेमानं त्याला कोल्हापूरला नेलं,
हवालदार केला, हिरॉइनचा मामा केला.
परत आला तो गप्पच.
"नरहरी, तिथं विनोद केला की शांतता होते रे.
लाइटवाले ओठ चावून उभे,
हसले तर टेक वाया.
सहा महिन्यांनी तिकीट काढून मागं जाऊन बसलो,
तेव्हा मिळाला हशा.
मनीऑर्डरसारखा."

आणि ते एक नाटक.
पानशेतच्या पुरात पोरगा हरवलेला बाप.
दार उघडून हा आत आला,
हातात लहान मुलाची एक चप्पल.
हसबनीस आला म्हणून थेटर हसलं.
चप्पल दिसली म्हणून आणखी हसलं.
हा उभाच.
मी वाक्य दिलं. घेतलं नाही.
पुन्हा दिलं, तिसऱ्या रांगेला ऐकू जाईल इतकं.
चप्पल तशीच, छातीच्या उंचीवर.
हशा एकेका खुर्चीवरून उतरत गेला,
बाल्कनीत कुणाचा तरी वेफर्सचा कागद वाजला,
तोही थांबला,
पंखे ऐकू यायला लागले,
मग म्हणाला,
"हिचा जोड कुणाला सापडला का?"

मध्यंतरात बटाटेवडे तसेच राहिले.
मी मेकअप रूममध्ये धावलो, "विसरलास?"
"विसरलो नव्हतो. पॉज होता."

नऊ प्रयोग झाले.
लोकांना आत्या हवी होती.

आता कोथरूडला तिसरा मजला.
गुरुवारी जातो मी, वही घेऊन.
वहिनी चहा ठेवतात, जावळाइतक्या उरलेल्या
त्याच्या केसांवरून हात फिरवतात.
त्याला मांजराचं नाव सांगावं लागतं,
औषधाची वेळ, लेकीचं गाव.
परवा दार उघडलं त्यानंच.
माझ्याकडे बघत राहिला,
ओठ हलले, शब्द येईना.
जुनी सवय. मी हळूच दिलं,
"नरहरी."

त्यानं तळहात वर केला,
दिव्याखाली करायचा तसाच,
"थांब. पॉज आहे."

वहिनी आतून हसल्या.
आणि मला, ज्याला त्याचा प्रत्येक श्वास पाठ,
कळेना, हे वहीतलं आहे की पेन्सिलीतलं.
दारातच उभा राहिलो,
वही उघडी,
बोट त्याच ओळीवर.