स्थानिक नाव

यादीत सातवा रकाना: स्थानिक नाव.
मी लिहिते, ऐन.
माझी बोली दोडामार्गाची, नोकरी सांग्याच्या लाकूड डेपोत.
ओंडका कुठल्या भाषेतला, हे सालीवरून कळत नाही.
साल नुसती मगरीच्या पाठीसारखी,
चौकटी चौकटींनी तडकलेली.

आमच्या घरी ऐन हा शब्द एकटा कधी आलाच नाही.
ऐन दुपारी वसुलीवाला. ऐन परीक्षेत गोवर.
आजोबांच्या खंडाच्या पावतीवर
ऐनजिनसी भात, साडेतीन मण.
आणि ऐन हळदीच्या आदल्या रात्री
मुलाकडच्यांचा तो फोन,
ज्याच्याबद्दल आई अजून
"ऐन वेळी" एवढंच म्हणते
आणि पुढचं वाक्य गिळते.
दुसऱ्याच्या दारात ताटकळलेला शब्द.
तो रानात आपल्या पायांवर उभा असतो,
हे मला नोकरी लागल्यावर कळलं.

"बाये, कितें बरयलें?"
बुधो वेळीप रोज विचारतो, टेपचं दुसरं टोक धरून.
ऐन.
"तो कोण?"
हाच की.
"हो माट्टी."

मग टेप गुंडाळता गुंडाळता तो मला
त्या नावाचे उपयोग सांगतो. झाडाचे नव्हेत, नावाचे.
रानात पोर चुकलं तर माट्टीकडे थांब, असं आधीच सांगून ठेवायचं.
चुना संपला की "माट्टी आसा मगे",
म्हणजे सालीची राख विड्याला चालते.
घरच्या बाईनं नवऱ्याला माट्टी म्हटलं
तर समजायचं, ओला असताना कापलाय,
आता तडकणार.
वैशाखात झरी आटली की मोठी माणसं
खोडाचा फुगवटा बघून कोयत्याची टोच मारायची;
ओंजळभर पाणी, तुरट. पिऊन झाल्यावर
झाडाचं नाव घ्यायचं, मोठ्यानं.
का?
"घेतलें तें सांगपाक जाय."

आणि अर्थ?
मी पेन उघडं धरून.
"नांवान उलो मारपाचो, बाये. अर्थ विचारपाचो न्हय."

लिलावाला बेळगावचा एकजण येतो, तो मत्ती म्हणतो.
सरकारी फलकावर राज्यवृक्ष आहे, खाली लॅटिन.
बुधोला हे सगळं चालतं.
फक्त माझा सातवा रकाना तो रोज वाचून घेतो,
आणि मला वाटायचं, म्हाताऱ्याला चाळा.

परवा पावसानं लिलाव लांबला तेव्हा बोलला.
साळावलीचं पाणी चढायच्या आधी
झाडं मोजायला माणसं आली होती. बुधो बारा वर्षांचा,
बापाच्या, धाकू वेळीपाच्या, मागे उभा.
कारकुनानं यादी वाचली:
फणस चार. आंबे दोन. ऐन अकरा.
धाकू म्हणाला, ऐन? ऐन म्हाका ना.
खोटं कशाला बोला, सरकारी माणूस.
कारकुनानं एक रेघ मारली.
अंगठा घेतला.
अकरा झाडं तिथंच समोर उभी होती,
माट्टीमळात, बांधाच्या कडेनं,
कुणीही हाक मारली असती तर.

मी विचारलं नाही किती पैसे होते.
टेपच्या पितळी टोकाला चिखल लागला होता,
तो बोटानं काढत बसला.
माट्टीमळ आता मे महिन्यात दिसतं कधी कधी,
लोक गाड्या घेऊन बघायला जातात.
तो जात नाही.
निघताना धाकूनं जुन्या घराचा उंबरठा तेवढा उपटून आणला.
पुनर्वसनातल्या दाराला तो मोठा होतो,
वीतभर बाहेर येतो, सुना ठेचकाळतात,
कापायला मात्र कुणी धजत नाही.

सातव्या रकान्यात मी खोडून लिहिलं.
संगणकावर यादीत निवडायला एकच नाव आहे,
उद्या परत ऐन होईल.
कागदाची प्रत मी फाइलला लावली,
आणि बुधोला वाचून दाखवली.
त्यानं मान डोलावली,
ओंडक्यावर हात टेकून उठला,
आणि उठताना नाव घेतलं.